एक वर्ष आणि एक दिवस

२८ ऑक्टोबर
सकाळचं स्वयंपाकघर. नुमा स्वतःचा शर्ट इस्त्री करतोय, ऑक्ताव्ह कॉफी फुंकतोय, मी भेंडी चिरतेय. "कॉलर जाळशील, गाढवा!" — ऑक्ताव्ह. बस, एवढंच. तीस वर्षं झाली. आज हेच का आठवावं? नुमाला, माझ्या नवऱ्याला, जाऊन वर्ष होत आलं. रडू अजून येत नाही.

१ नोव्हेंबर
सर्व संतांचा दिवस. रिवाजाप्रमाणे नुमाच्या थडग्याला चुना द्यायला बादली घेऊन गेले — तर ते आधीच पांढरंशुभ्र! ऑक्ताव्ह पायरीवर धापा टाकत बसलेला. जन्मभर त्यानं नि नुमानं जोडीनं गिलावा केला. कामातला हात लपत नाही.
"रागावलीस, वहिनी?"
"कड चुकलीय," म्हणाले. चुकली नव्हती.
डॉक्टरांनी त्याला ईस्टरपर्यंतची मुदत दिलीय. "आत जागा देशील? त्याच्यापाशी?"
मी बादली उचलली.

३ नोव्हेंबर
व्हर्लीला सांगितलं. "आई! बाबांची शोभा करायचीय का गावभर? ते तसले नव्हते!" पोरीला वाटतं, मला काही ठाऊक नाही.

४ नोव्हेंबर
सोमवार, म्हणजे रीतीप्रमाणे लाल घेवडा, भात. चव लागली नाही.

७ नोव्हेंबर
नुमाला एकदाच विचारलं होतं — "मग मी कोण तुझी?"
"बायको. त्यात खोटं नाही. त्याच्याशी आहे, त्यातही नाही." मग छताकडे बघत — "काळ्या माणसाला बाहेर सदा छाती काढून चालावं लागतं, ऑडील. मऊ व्हायला मला दोन घरं मिळाली."
पाप कसं ओळखायचं ते शाळेत सिस्टर्सनी शिकवलं होतं. तिथे मला ते दिसलं नाही. कूस बदलून झोपले. पुन्हा कधी विषय काढला नाही.

१२ नोव्हेंबर
आमचं थडगं जमिनीवर बांधलेलं, आत खण एकच. न्यू ऑर्लिन्सचं ऊन आपलं काम करतं, हाडंच उरतात. वर्ष नि एक दिवस झाला की हाडं मागे सारून पुढच्याला ठेवतात. त्याआधी उघडायचं नाही. पुढची पाळी माझी, हे धरूनच चालले होते.

१५ नोव्हेंबर
वर्ष नि एक दिवस आज पुरा झाला. व्हर्ली, हे पान तुझ्यासाठी.
घर आणि माझी जपमाळ तुला.
नुमाची थापी आणि ती इस्त्री ऑक्ताव्हला, आजच.
खणही त्यालाच. मी आधी गेले तर मला दफनभूमीच्या भिंतीतल्या भाड्याच्या कोनाड्यात ठेव, त्याला आधी जाऊ दे. मग मला आत आण.
स्वयंपाकघरात मावत होतो तिघं.