पाण्यापर्यंतची वाट

३ मार्च

चि. बापूस अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र आणि फोटो पोचले. दाढी काढून टाक. जहाजाच्या इंजिनखोलीत काम करतोस की तिथे तपाला बसलायस, कळेना.

इकडची बातमी मोठी आहे. नदीवर पूल होणार. सरकार आपल्या होड्यांच्या कारखान्याची खालची बाजू, म्हणजे पाण्याकडचा सगळा उतार, संपादन करणार. काल एक माणूस नोटीस देऊन गेला. जमीन दोघांची, म्हणून तुझंही नाव आहे. ज्याची हरकत असेल त्याने मुदतीत लेखी द्यावी, सुनावणी होईल, असं त्यात आहे.

पुलाला माझा विरोध नाही. पलीकडच्या बायका बाळंतपणाला नावेतून येतात, तेव्हा माझाच जीव खालीवर होतो. पण उतार गेला की आपण वर होड्या बांधायच्या आणि त्या पाण्यात न्यायच्या कुठून? पाण्यात न उतरणारी होडी म्हणजे कपाट. सुतारकाका म्हणाले, सरकारच्या नादी लागू नकोस. बाबांबरोबर ज्यांनी उभी हयात फळ्या वाकवल्या ते असं म्हणाले, याने मी जास्त खचले.

तुला काय वाटतं ते लगेच लिही. अंगाला तेल-वंगण कमी आणि साबण जास्त लाव.

तुझी,
आक्का


२९ मार्च

ती. आक्कास शि. सा. न. वि. वि.

दाढी काढली. आता माकडासारखा दिसतो, समाधान झालं असेल.

खरं सांगू? हरकत वगैरे नको, सही करून मोकळी हो. सरकारच्या खिजगणतीत तू नाहीस, मी तर नाहीच. त्यांनी नकाशावर रेघ मारली की मारली. बंदरात मी अख्ख्या वस्त्या हलवलेल्या पाहिल्यात. मोबदला घे, दुसरीकडे शेड टाक.

पण तुझा स्वभाव मला ठाऊक आहे. म्हणून माझ्या हिश्श्याबद्दल तू ठरवशील ते मान्य, असं लिहून सही करून सोबत पाठवतो आहे. फार ताणू नकोस, तब्येतीला जप.

तुझ्या रागाला अजूनही भिणारा,
बापू


११ जुलै

चि. बापूस अनेक आशीर्वाद.

तू बसला असशील तर वाच, उभा असशील तर बस.

हरकत मी दिली. झेरॉक्सच्या दुकानाच्या माडीवर एक वकीलबाई बसतात, त्यांनी लिहून दिली. सुनावणीला गेले तर अधिकाऱ्याने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. कागद घेतला, शिक्का मारला, पुढचा माणूस बोलावला. मग पत्र आलं की हरकत फेटाळली. का, ते एका शब्दाने नाही. मी निमूट घरी बसणार होते. वकीलबाईच चिडल्या. म्हणाल्या, जमीन घेण्याचा अधिकार सरकारला आहे, पण तुमचं ऐकून, कारण देऊनच. कोर्टात गेलो.

न्यायाधीश थकलेले, सर्दीने बेजार, सारखा रुमाल नाकाला. सरकारी वकील म्हणाले, बाईंची हरकत फाइलला आहे. न्यायाधीशांनी विचारलं, तिचं उत्तर कुठे आहे? वकील पानं उलटत राहिले. न्यायाधीश थांबून राहिले.  मग न्यायाधीश म्हणाले की ही बाई दया मागायला आलेली नाही. हरकत ऐकून तिचा विचार होणं हा मालकाचा हक्क आहे. नव्याने सुनावणी घ्या, कारणांसह निर्णय द्या, तोवर जमिनीला हात लावू नका.

बापू, मी तिथेच बाकाला धरून उभी राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी फाटकाशी बुलडोझर हजर! ठेकेदाराला हुकमाचं काही कळलंच नव्हतं. त्याचं पुढचं पोलादी पातं माझ्या खांद्याला लागेल एवढं. वकीलबाई धापा टाकत आल्या आणि त्यांनी हुकमाची प्रत मुकादमाला दिली. त्याने वाचली, फोन केला, पुन्हा वाचली. मग ते धूड गुरगुरलं आणि मागे मागे जायला लागलं. अख्खी गल्ली पायऱ्यांवर येऊन बघत होती. सुतारकाकांनी डोक्यावरची टोपी काढून हातात धरली होती. एवढं मोठं सरकार कोणाचं तरी म्हणणं ऐकायचं राहिलं म्हणून थांबतं, हे मी या डोळ्यांनी पाहिलं. अजून खरं वाटत नाही.

तुझी,
आक्का


२ ऑगस्ट

ती. आक्कास शि. सा. न. वि. वि.

पत्र मी इंजिनखोलीत मोठ्याने वाचलं. आमचा मुख्य इंजिनियर वीस देशांचं पाणी प्यायलेला माणूस, तो म्हणाला, ती मागे जाण्याची ओळ परत वाच. मी परत वाचली. 

तुला सही करून मोकळी हो म्हणणारा तुझा भाऊ इथे छाती फुगवून हिंडतो आहे. हसू नकोस. पण आक्का, नव्या सुनावणीत पुन्हा नाहीच म्हणाले तर? काळजी वाटते. कळव.

दुरून हात जोडणारा,
बापू


१९ नोव्हेंबर

चि. बापूस अनेक आशीर्वाद.

गेल्या वर्षीच्या तुझ्या त्या पत्रानंतर नुसती खुशाली कळवत राहिले, कारण सांगण्यासारखं पूर्ण व्हायचं होतं.

नवी अधिकारी बाई या वेळी स्वतः कारखान्यात आली. अर्ध्या होडीच्या पोटाखाली खुर्ची टाकून तिने माझं सगळं ऐकलं, मधे एकदाही घड्याळ पाहिलं नाही. पुलाचा इंजिनियर बरोबर होता. तो उतारावर दोनदा चालून आला, नकाशावर बराच वेळ वाकून राहिला आणि म्हणाला, दोन खांबांच्या मधून वाट सोडता येईल, फक्त काठ जरा भरून घ्यावा लागेल.

निकालात माझ्या प्रत्येक मुद्द्याला उत्तर आहे. शेडचा खालचा भाग वाचला नाही. का नाही, ते नीट लिहिलंय, आणि वाचल्यावर मलाही पटलं. त्याचा मोबदला मिळाला. पाण्यापर्यंतची वाट मात्र आपल्या हक्काची म्हणून जमिनीच्या दप्तरी चढली. ज्या दिवशी खालची शेड रिकामी करून दिली, त्या दिवशी मी रडले, खोटं कशाला सांगू. बाबांचा रंधा तिथेच चालायचा.

आता खांब उभे राहिलेत. खाली उभं राहून वर बघितलं की मान अवघडते, पण नजर काढवत नाही. माणसं केवढं काय उभं करतात रे!

काल तयार झालेली होडी पाण्यात न्यायची होती. सकाळी मुकादम फाटकाशी आला, तोच, बुलडोझरवाला. आत न येता बाहेरूनच त्याने विचारलं की बाई, होडी किती वाजता काढणार, तेवढा वेळ आम्ही वरची क्रेन थांबवतो. मी नदीकडे पाहिलं. मग म्हटलं, भरतीला.

भरती आली तेव्हा क्रेन थांबलेली होती. वर सगळे कामगार कठड्याशी ओळीने उभे होते. होडी दोन खांबांमधून सरकत गेली आणि पाण्याने तिला उचललं.

ये लवकर. माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी,
आक्का