अपील काढलं!

२ जानेवारी
वर्ष नवं, मी नवा. संकल्प एकच: अपील जिंकायचं. खालच्या कोर्टाने पुढची खोली दादाला दिली. सख्खा मोठा भाऊ, भिंतीपलीकडे राहतो. त्या खोलीत हिचं शिलाई मशीन आहे आणि त्यावर आमचं घर चालतं. (मी सध्या पूर्णवेळ अपीलदार.) अपील चालू आहे तोवर खोलीला स्टे. हिला म्हणालो, माझ्या अपिलावर तुझी सुई चालते. ही म्हणाली, दोरा संपलाय, तेवढा आणा.

९ जानेवारी
दादाला काढलेली कोर्टाची नोटीस परत आली. पत्ता अपुरा. वकील म्हणाले, पूर्ण पत्ता लिहून द्या, दोन ओळींचं काम. दोन ओळींचं! दादाचा पत्ता म्हणजे माझाच पत्ता. तो मी लिहून दिला की घर त्याचंही आहे हे मीच कबूल केलं. वकिलांच्या हे ध्यानातच आलं नाही. मी असल्या सापळ्यात अडकणार नाही.

२० जानेवारी
वकिलांना डच्चू दिला. ते म्हणाले, मी वकीलपत्र कालच मागे घेतलंय. बरोबरीत सुटलो. आता माझी केस मीच चालवणार.
दोरा राहिला.

११ फेब्रुवारी, सकाळी
आज तारीख. युक्तिवाद तोंडपाठ. आरशासमोर दोनदा जिंकलो.

दुपारी
कोर्टाच्या कँटीनमध्ये एका भल्या माणसाला मुद्दे समजावले. त्याला पूर्ण पटले. तेवढ्यात वर माझ्या नावाचा तीनदा पुकारा झाला म्हणे. कसली ही घाई! माणसाने चहासुद्धा पिऊ नये का? असो. पुढची तारीख मिळेलच.

१८ फेब्रुवारी
विजय! कोर्टाच्या कारकुनांना फोन केला. म्हणाले, तुमचं अपील त्याच दिवशी काढलं. इतकी वर्षं गठ्ठ्याच्या तळाशी पडलेलं अपील, मी कोर्टात पाऊल टाकताच वर काढलं! तीस दिवस, अर्ज वगैरे काहीतरी पुढे सांगत होते, पण आनंदात फोन ठेवला. ही म्हणाली, काढलं म्हणजे काढून टाकलं तर नाही ना? हिला कोर्टाची भाषा कळत नाही.

५ मार्च
दादा जिन्यात भेटला. नजर चुकवत म्हणाला, बघ बाबा, अजून वेळ आहे. शत्रू टरकला. तडजोडीवर आला. मी ताठ मानेने पुढे निघालो. रात्री मात्र उगाच दोनदा उठून खोलीची कडी तपासली. वारा असावा.

२५ मार्च
ही ऐकेना, म्हणून कोर्टात गेलो. कारकुनांनी ओळ दाखवली: अपीलदाराने अपील न चालवल्यामुळे काढून टाकण्यात आले.
न चालवल्यामुळे? जेवताना, झोपताना, दाढी करताना मी दुसरं चालवलं काय?
कोर्टाच्या पायरीवर बसून राहिलो. फार भीती वाटली. हिला काय सांगू?
कारकून मागून आले. म्हणाले, मुदत गेली, तरी अर्ज देऊन बघा, उशिराचं कारण लिहा. कारण लिहिलं: मराठी भाषा. मग म्हणाले, खाली विरुद्ध पक्षाचा पूर्ण पत्ता टाका.
पेन उचललं. खाली ठेवलं. उद्या नक्की.

२ एप्रिल
हिला अजून सांगितलेलं नाही. हिने विचारलेलंही नाही. नवीन कपडे शिवायला घेणं मात्र बंद केलंय. उद्या काहीही झालं तरी पत्ता लिहायचा. देवाशपथ.

१० एप्रिल
खोलीचा ताबा घ्यायला कोर्टाचा बेलिफ आला. कुणाला विचारावंही लागलं नाही, सरळ दारात. दादाने माझा पत्ता पूर्ण दिला होता.
उंबऱ्याबाहेरून त्याने माझ्या नावाचा पुकारा केला. पहिल्याच हाकेला मी उठून हजर म्हणालो.
ही माझ्याकडे बघत राहिली. मग मशीनला झाकण घातलं आणि म्हणाली, एक बाजू धरा.