‘न’ लावायचा राहिला

४ जानेवारी
आजपासून एस्पेरांतो. जगातल्या सगळ्या माणसांना एकमेकांशी बोलता यावं म्हणून मुद्दाम तयार केलेली भाषा. एकूण नियम सोळा. अपवाद नाहीत. रोज दोन नियम घेतले की आठ दिवसांत भाषा खिशात. नवव्या दिवशी कादंबरी सुरू.
आपल्या भाषेत लिहिणारे आमच्या जिन्यावरच तिघे आहेत. एस्पेरांतोत कादंबरीकार बोटांवर मोजण्याइतके. म्हणजे पहिल्या शंभरात मी आजच आलो.
बायकोला सांगितलं. ती शाळेत गणित शिकवते. ती म्हणाली, आधी डब्याचं झाकण शोधा.

९ जानेवारी
नियम झाले पाच. सहाव्यापाशी गाडी अडली आहे. वाक्यात ज्याच्यावर क्रिया घडते त्या शब्दाच्या शेवटी म्हणे ‘न’ लावायचा. आपण ‘ला’ लावतो तसा. मांजर उंदराला खातं. ‘ला’ चुकून मांजराला लागला की उंदीर मांजराला खातो. एवढ्याशा गोष्टीला पुस्तकात चार पानं. निव्वळ पाल्हाळ. माझ्या मते ‘न’ नादासाठी आहे. कानाला जिथे गोड लागेल तिथे लावणार.

११ जानेवारी
कादंबरी सुरू. नियोजनाच्या एक दिवस आधी. उरलेले नियम ओघात येतील.
नाव ‘दीपगृह’. शोकांतिका. दीपगृहाचा एक रखवालदार, एक विधवा, एक वादळ. शेवटी कोणी उरत नाही.
ऑफिसात साहेबांना कल्पना देऊन ठेवली. आमचं खातं वजनमापांचं. दुकानादुकानांत जाऊन तराजू तपासायचे, शिक्का मारायचा. माझ्यासारख्याने यात किती दिवस काढायचे? साहेबांनी विचारलं, ही भाषा कुठल्या देशाची? म्हटलं, कुठल्याच नाही. मग तिथे बदली मागू नका, म्हणाले.

२ फेब्रुवारी
गावात एस्पेरांतोचा क्लब आहे हे आज कळलं. दर रविवारी, एका निवृत्त दंतवैद्याच्या जुन्या दवाखान्यात. सभासद दोन. स्वतः डॉक्टर, वय एक्याऐंशी, आणि पोस्टातून रिटायर झालेल्या एक बाई. मी तिसरा. चाळीस वर्षांत क्लबातून एकही पुस्तक निघालं नाही, ही डॉक्टरांची खंत. मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हटलं, आता मी आलोय.
नंतर डॉक्टर माझ्याशी बराच वेळ एस्पेरांतोत बोलले. मी मान डोलावत होतो. विश्वशांतीबद्दल असावं. घरी निघताना बाई म्हणाल्या, ते तुम्हाला साखर किती घालू विचारत होते.

१९ मार्च
कादंबरी संपली. दोनशे अकरा पानं. स्वतःच्याच शेवटच्या प्रकरणाने डोळे भरून आले. कन्येने विचारलं, बाबा, सर्दी झाली का. वय वर्षं चौदा, काय कळणार.
हस्तलिखित डॉक्टरांना दिलं. फक्त कौतुकासाठी.

७ मे
सात आठवड्यांनी परत आलं. प्रत्येक पान लाल. डॉक्टरांचा हात थरथरतो, तरी मुंगीएवढ्या अक्षरात समासभर दुरुस्त्या. शेकडो ‘न’ काढलेत, शेकडो घातलेत. मत्सर माणसाकडून किती कष्ट करून घेतो. चाळीस वर्षांत स्वतःचं पुस्तक झालं नाही, ते असं बाहेर पडतं.
आणि घरभेदी वेगळेच. बायकोने माझं व्याकरणाचं पुस्तक गंमत म्हणून वाचून काढलंय. म्हणाली, तुमच्या तिसऱ्या प्रकरणात पावाने रखवालदाराला खाल्लंय. ते प्रतीक आहे, असं सांगितलं. त्यावर कन्या म्हणाली, आणि सातव्यात पत्राने विधवेला फाडलंय, तेही का? लेकीला आईने फितवलं आहे.
लाल प्रत कपाटात स्वेटरखाली ठेवली.

९ मे
मूळ प्रत, एका अक्षराचाही बदल न करता, परदेशातल्या एस्पेरांतो मासिकाच्या वार्षिक स्पर्धेला रवाना. डॉक्टरांना म्हटलं, तुमच्या सगळ्या सूचना मनात घेतल्या. खोटं नाही. मनातच घेतल्या. ते इतके खूश झाले की खुर्चीतून उठून पाठ थोपटली. जरा टोचलं. पण कलावंताला टोचतंच.

१० मे ते ३० जुलै
काही नोंद नाही. सत्काराचं भाषण पाठ करत होतो.

२ ऑगस्ट
निकाल. पहिलं बक्षीस. माझं.
विनोदी विभागात.
कारकुनी चूक दिसते. संपादकांचं पत्र सोबत आहे. बायकोने वाचून अर्थ सांगितला. लिहितात, शेवटच्या प्रकरणात दीपगृह वादळाला गिळतं आणि विधवा समुद्राला बुडवते, तिथे आमच्या एका परीक्षकाला पाणी पाजावं लागलं. बायको मध्येच स्वयंपाकघरात गेली. तिथून विचित्र आवाज येत होते. कन्याही आत गेली. मग आवाज दुप्पट झाले.

३ ऑगस्ट
दोन पानी निषेध पाठवला. खडखडीत एस्पेरांतोत. सोडतो की काय.

१६ ऑगस्ट
उत्तर आलं. निषेधाचं पत्र कादंबरीपेक्षा सरस असल्याने ते पुढच्या अंकात छापत आहेत.

२३ ऑगस्ट
आज दवाखान्यात जाहीर वाचन. जाणार नव्हतो. पण डॉक्टरांनी बाहेरगावच्या क्लबांतूनही माणसं बोलावली होती. एकूण अकरा. दातांच्या तक्त्याखाली बसले. बायको आणि कन्या मागच्या बाकावर.
धीरगंभीर आवाजात शेवटचं प्रकरण सुरू केलं. दुसऱ्या ओळीला एक जण खोकला. चौथ्या ओळीला कोणीच सरळ बसलेलं नव्हतं. मी आवाज आणखी गंभीर केला. त्याने जास्तच बिघडलं. डॉक्टर तर इतके हसले की त्यांची कवळी हातात आली. ती हातात धरून हसत राहिले.
मी वही मिटणार, तेवढ्यात पोस्टाच्या बाई जवळ येऊन हळूच म्हणाल्या, थांबू नका. यांच्या मिसेस गेल्याला चार वर्षं झाली. तेव्हापासून आज पहिल्यांदा हसताना बघतेय.
मग पूर्ण वाचलं. विधवेपाशी जरा थांबून थांबून वाचलं, डॉक्टरांना श्वास घेता यावा म्हणून.
निघताना त्यांनी माझे दोन्ही हात धरले. म्हणाले, सात आठवडे मी तुमचं पुस्तक बिघडवत बसलो होतो, बरं झालं माझं ऐकलं नाहीत. क्लबचं पहिलं पुस्तक. मी त्यांना क्षमा केली. रस्त्यात बायकोने माझा हात धरला होता. कारण विचारलं नाही.

२५ ऑगस्ट
विचारांती लक्षात आलं की मी मुळात विनोदी लेखकच आहे. सगळं ठरवून केलं होतं. इतकं खोल ठरवलं होतं की मलाही पत्ता लागू दिला नाही.
संपादकांना वर्षअखेर दुसरी कादंबरी हवी आहे. चार महिन्यांची रजा टाकली. साहेब म्हणाले, सावकाश या.

७ सप्टेंबर
जागतिक लेखकाला व्याकरण येत नाही असं नको. रोज सकाळी सहाला बायकोकडे शिकवणी. शिस्त कडक. कन्येला प्रत्येक उत्तर माझ्या आधी येतं.

११ सप्टेंबर
बायकोने फळ्यावर मांजर काढलं, उंदीर काढला आणि मधे बाण. ‘न’ म्हणजे बाणाचं टोक, म्हणाली. आणि डोक्यात लख्ख उजेड पडला.
मग तिसरं प्रकरण काढून बघितलं. पावाने खरंच खाल्लंय. चांगलं चावून.
न्हाणीघरात स्टुलावर थोडा वेळ बसून राहिलो. मग एकटाच हसायला लागलो. बाहेरून कन्या म्हणाली, आई, बाबा सातव्यापर्यंत पोचले वाटतं.

३० नोव्हेंबर
दुसरी कादंबरी पूर्ण. या खेपेला काही नशिबावर सोडलेलं नाही. मोजून तीनशे चाळीस विनोद. व्याकरण चोख. पहिलीचं नाव लोक विसरणार.
डॉक्टर माझ्यासमोरच वाचायला बसले. कुठेही पेन्सिल टेकवली नाही. तिसऱ्या पानाला डोळे मिटले. मला वाटलं, रसास्वाद. मग घोरायला लागले. जागे झाल्यावर म्हणाले, इतकी स्वच्छ भाषा माझ्या एकाही विद्यार्थ्याला आली नाही. त्यांच्या चेहऱ्यावर कसली तरी काळजी होती. वय झालंय.

१८ डिसेंबर
कादंबरी साभार परत. संपादकांचं पत्र आता मी स्वतः, डिक्शनरीशिवाय वाचू शकतो, याचं वाईट वाटलं. भाषा निर्दोष आहे, असं लिहितात. पुढे विचारतात, ‘दीपगृह’ लिहिणारे गृहस्थ आपल्याच क्लबात आहेत का? असल्यास त्यांना लिहितं करावं.

२१ डिसेंबर
उपाय सापडला. चुका करायच्या. जे काम मी शिकायच्या आधी दोनशे अकरा पानं करत होतो, ते आता का जमू नये? उलट आता कुठली चूक कुठे बसवायची हेही कळतं. रोज वीस चुका, म्हणजे वसंतापर्यंत तिसरी कादंबरी तयार. रजा सोमवारी संपते, ती वाढवून घेणार.
सकाळी आठला बसलो. बाराला उठलो. सहा ओळी झाल्या. एकेक ओळ ठेचून वाकडी केली आहे.
बायकोला वाचायला दिल्या. तिने दोनदा वाचल्या. कन्येनेही वाचल्या.
सगळ्या बरोबर आहेत, म्हणाल्या.
सोमवारी ऑफिस.