यूनुसच्या वाट्याची भाकरी

फेस शहर, १४ नोव्हेंबर १९९६

इत्तोताई,

तुला, आईला, पोरांना सलाम. हे पत्र बसच्या ड्रायव्हरकडे देतोय. आईचे गुडघे कसे आहेत? वर गावात बर्फ पडला का? मी बरा आहे. भट्टीपुढे थंडी ती कसली. हद्दूच्या आईने विचारलं तर म्हण, हद्दूही बरा आहे.

काम तेच. गल्लीतल्या घरांतून फळीवर कच्च्या भाकऱ्या येतात, मी भाजून परत देतो. प्रत्येक घराची खूण वेगळी, कुणाची काट्याची टोचणी, कुणाचा बोटांचा ठसा. लल्ला झहूर म्हणून एक म्हातारी आहे, ती स्वतःच फळी घेऊन येते. "बिस्मिल्ला म्हण, मग आत सरकव," म्हणते, "उकिरड्यावर फेकल्यासारखी टाकतोस मेल्या." तिच्या दोन भाकऱ्या असतात. भाजल्यावर एक ती नेते, एक मला देते. वर्षभर खातोय. मला वाटायचं, माझी हाडं बघून देते.

ताई, गावातून दोघे सोबत आलो, पण हद्दू आता इथे नाही. रविवारी स्पेनला चोरून माणसं नेणाऱ्या होडीसाठी निघून गेला. मीही जाणार होतो. राख उपसत जन्म घालवायचा का, हेच डोक्यात घोळत होतं. शनिवारी लल्लाला म्हटलं, "उद्यापासून माझी भाकरी थापू नका."

"तुझी कधी होती रे? ती माझ्या लेकाची, यूनुसची. समुद्रावर गेला, त्याची खबर नाही. त्याच्या नावाची रोज थापते. खायला कुणाचं तरी पोर लागतं." मग माझ्याकडे बघून म्हणाली, "तू कुठे निघालास?"

मी राख उपसायला वळलो.

रविवारी बसपाशी हद्दूला म्हटलं, मी येत नाही. तो हसला. "म्हातारीच्या भाकरीला भुललास होय?" पोचलो की शेजारच्या दुकानात फोन करतो म्हणाला. आज गुरुवार. तिथे घंटी वाजली की मी फावडं टाकून दाराशी जातो. आता प्रत्येक फळीला बिस्मिल्ला म्हणतो, मागोमाग हद्दूचं नाव घेतो. ऐकणारा ऐकत असेल ना?

हद्दूच्या आईकडे जा. अजून काही सांगू नकोस, ती पीठ मळत असेल तेव्हा नुसती जवळ बस. वर लिहिलंय हद्दू बरा आहे, ते मी खोडत नाही. खरं होवो.

आणि आपल्या आईला सांग, माझ्या नावाची वेगळी काढू नको. ईदला येऊन तिच्या हातची खाईन.

यूनुसच्या वाट्याची खाणारा,
तुझा भाऊ
बस्सू