‘दुपारची शेजारीण’ या गाण्याची शेवटची व्यवस्था

टक-टक. मग थोडी मोकळी जागा. मग एक टक. १९५८ सालच्या दुपारी खालच्या मजल्यावरच्या डोना झुल्मिरा झाडूच्या दांड्याने त्यांच्या छताला, म्हणजे माझ्या जमिनीला, असे ठोके देत. चाळीस वर्षांनीही तो आवाज मला स्वच्छ आठवतो. सबब माझी बुद्धी शाबूत आहे, हे वाचणाऱ्याने मान्य करावे.

मी, बेल्मिरो किंतेला, वय वर्षे चौऱ्याहत्तर, निवृत्त टपाल कारकून, राहणार कोपाकबाना, रिओ दि जानेरो, कोणाच्याही दडपणाखाली नसताना हे मृत्युपत्र स्वहस्ते लिहीत आहे. वकील म्हणाले, "तीन साक्षीदार हवेत. त्यांच्यासमोर सगळं मोठ्यानं वाचायचं. आणि त्यांना यातलं काहीच मिळता कामा नये." एवढे सांगून ते हसले. का हसले, ते अजून कळलेले नाही.

एक. राहते घर भाची इव्होनेते हिला. ती माझी कपाटे आवरते. आवरल्यावर प्रत्येक वस्तू जागच्या जागी सापडते, यावरून ती काहीतरी शोधत असावी. तरीही घर तिलाच. काळ्या घेवड्याचा रस्सा ती थेट माझ्या बहिणीसारखा करते.

दोन. शाळेतले कवितांचे पुस्तक नाक्यावरच्या शाळेला. आमचे मास्तर बाकावर पट्टी आपटून मात्रा मोजत आणि म्हणत, "यती पाळ रे, बेल्मिरो! मध्ये श्वास घेतला नाहीस तर ओळ गुदमरेल." त्या पट्टीचा आवाज आणि खिडकीतले ते पिवळे ऊन हे मात्र कोणाला देता येत नाही.

तीन. गाणे. डोना झुल्मिरा रात्रपाळीला टेलिफोन खात्यात असत आणि दुपारी झोपत. म्हणून मी आणि माझा मित्र अदाउतो रेइस गिटार बोटांच्या टोकांनी वाजवीत, कुजबुजल्यासारखे गात असू. लोक पुढे त्या कुजबुजीला नवी शैली म्हणू लागले. तरी ठोके येतच. शेवटी ठोक्यांच्या मध्ये पडणारी मोकळी जागा मी चालीतच सोडली आणि मास्तरांचा यती पाळला गेला. चाल माझी, शब्द माझे. अदाउतोची फक्त गिटार आणि कॉफी. पण ज्याच्या सोबतीत गाणे सुचले त्याचेही नाव घालायचे, ही आमच्याकडची रीत. मी तर भिडेखातर प्रकाशकाच्या कागदावर त्याचे नाव वर लिहिले.

"अरे, माझं नाव वर? लाजवतोस की, गड्या!" तो म्हणाला. लाजला मात्र नाही.

१९६२ साली तो गाणे घेऊन न्यूयॉर्कला गेला. तिथल्या जॅझवाल्यांनी माझ्या मोकळ्या जागेत सॅक्सोफोन कोंबला. इंग्रजी शब्दांतून शेजारीण गेली, चंद्र आला. आज ते गाणे येत नाही असा जॅझ वाजवणारा जगात सापडायचा नाही. हॉटेलच्या लिफ्टमध्येही ते असते, दाताच्या डॉक्टरकडे तोंड उघडे असतानाही असते. वादक ज्या जाड वहीवरून वाजवतात तिच्यात गाण्यावर एकच नाव आहे: अ. रेइस. दुसरी ओळ छापताना गळाली म्हणे. नेमकी दुसरीच कशी गळते?

म्हणून जाहीर करतो की हे गाणे माझे आहे. हे जाहीर करणे हीच माझी खरी इस्टेट. बाकी सगळे लाकूडसामान.

चार. गिटार इव्होनेतेला. अदाउतो म्हणेल, ती माझी आहे. त्याचीच आहे. तरी देऊ नये. या मृत्युपत्राने अदाउतोला काहीही मिळत नाही, तुटकी तारही नाही.

पाच. त्याची अकरा पत्रे न फोडता जाळावीत. पाकिटांचा डिंक मात्र ताजा दिसतो. इव्होनेतेला विचारले.

"मामा, पाकिटं काय आपोआप फुटतात?"

"फुटतात नाही म्हणालो. चिकटतात म्हणालो."

"मग एकदा वाचा तरी! तुमचं नाव छापा म्हणून भांडतोय तो माणूस, प्रत्येक अर्जाची नक्कल पाठवतो..." आणि तिने जीभ चावली.

नक्कल कोणीही करतो.

सहा. रेडिओ आमचा पहारेकरी जेनेझियो याला द्यायचा होता. पण तो साक्षीदार झाला.

"म्हणजे सहीपण करायची आणि रेडिओही घालवायचा? बेल्मिरोसाहेब, दुसरा साक्षीदार बघा, मी रेडिओच घेतो."

सहीच करणार आहे. रेडिओ शाळेला.

स्थळ: रिओ दि जानेरो. दिनांक: १२ ऑगस्ट १९९८.

साक्षीदार पहिला: जेनेझियो फारिया, पहारेकरी.
साक्षीदार दुसरा: डॉ. प्लिनियो सार्मेंतो, दंतवैद्य.
साक्षीदार तिसरा:

ही जागा मोकळी आहे. ज्यांच्यावर भरवसा आहे त्यांना काहीतरी दिले आहे आणि ज्यांना दिले नाही त्यांच्यावर भरवसा नाही. दोघे साक्षीदार समोर बसून घड्याळ बघत आहेत. इव्होनेते "आलेच" म्हणून सकाळपासून गायब आहे, हेही संशयास्पद आहे.

सही करण्यापूर्वी हे नोंदवून ठेवतो, कारण आत्ताच दार वाजले आहे. टक-टक. मोकळी जागा. टक.

डोना झुल्मिरा जाऊन वीस वर्षे झाली. तो ठोका ठाऊक असलेला माझ्याखेरीज एकच माणूस जिवंत आहे.

"मामा, उघडा," बाहेरून इव्होनेते म्हणते आहे. "तिसरे साक्षीदार विमानतळावरून आणलेत. यांना तर तुमच्या कागदातून काहीच मिळत नाही ना?"

जेनेझियो कडी काढतो आहे. बाहेर कोणीतरी खोकले, आणि एक म्हातारा, घोगरा आवाज आला:

"गड्या, या वेळी माझं नाव खाली लिही."