तुमच्या नावावरचा साप

आदरणीय दाजी,

नेहमीपेक्षा जरा जास्तच वाकून नमस्कार. तुमचा गुडघा कसा आहे? ताईचा राग कसा आहे? (दोन्ही चढताना त्रास देतात, हे जाणून आहे.) इकडे सगळे ठीक, असे लिहिणार होतो, पण इकडे जे चालले आहे त्याला नुसते ठीक म्हणणे हा अपमान होईल.

आजारपणानंतर बाबांचा उजवा हात रुसला, हे तुम्हाला माहीत आहेच. जन्मभर दुकानांच्या पाट्या रंगवलेला हात, तो चमचासुद्धा धरीना. डॉक्टरीणबाईंनी व्यायामाला रबरी चेंडू दिला. बाबांनी तो मांजराला दिला. ताईने फोनवरून दम भरला, पण पालथ्या घड्यावर पाणी. तेवढ्यात ब्रशांच्या डब्यात त्यांचा जुना बटणांचा मोबाईल सापडला. चार्जर लावला आणि दाजी, तो चालू झाला! (माझे त्यानंतरचे सगळे फोन केव्हाच वारले.)

तीच हिरवट काच, तेच काळे ठिपके, तोच सापाचा खेळ. ना रंग, ना गाणे. त्या काळी दुसरा खेळ आणायची सोयच नव्हती, म्हणून घरादाराने त्या एकावरच जीव टाकला होता. साप स्वतःच्या शेपटीला धडकला की शेजारच्या खोलीतूनही हळहळ ऐकू यायची. त्या दिवशी आम्ही सगळे त्या काडेपेटीएवढ्या पडद्यावर डोक्याला डोके आपटेपर्यंत वाकलो. मी तर नकळत हात जोडले. आत तो आकडा अजून होता: तुमचा विक्रम.

तुम्ही नवे जावई म्हणून आलात त्याच दिवशी तो झाला. सगळ्यांनी तुमचेच कौतुक केले, तुम्ही नुसते गालात हसलात, आणि तेव्हापासून बाबा तुम्हाला उठून खुर्ची देतात (मला आजवर स्टूलही सरकवलेले नाही). "जावयाला हरवल्याशिवाय मी जात नाही," म्हणत त्यांनी फोन उजव्या हातात घेतला. अंगठा हलला, दाजी! चेंडूला न जुमानणारा अंगठा सापासाठी हलला.

बघता बघता बाबा विक्रमाच्या अगदी जवळ पोहोचले, आणि एका दुपारी पाहतो तर आकडाच पुढे गेलेला. बाबा पुन्हा जवळ, आकडा पुन्हा पुढे. मला वाटले, फोनला बाधा झाली. शेवटी बाबांचा डोळा लागलेला असताना स्वयंपाकघरात डोकावलो. आई ओट्याला टेकून उभी, चष्मा कपाळावर, आणि साप असा नेत होती जसा ती केर काढते: या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत, एकही कोपरा न सोडता. टीव्हीचा आवाज कमी करायला मला हाक मारणारी माझी आई! मी दारातच थिजलो. मान वर न करता ती म्हणाली, "पहिला आकडाही माझाच. जावयाचा मान जाईल म्हणून गप्प बसले. आता विक्रम मोडला तर यांचा हात थांबेल, म्हणून आकडा पुढे ढकलतेय. तू काही पाहिलं नाहीस."

तेव्हा मी काही पाहिलेले नाही.

आपला,
स्टूलवंचित मेहुणा

ता. क. तुम्ही इथे नसताना तुमचा विक्रम वाढतो, म्हणून बाबांना संशय येऊ लागला आहे. ते झोपलेले असताना तुम्ही येऊन गेलात, असे आम्ही दोनदा सांगून पाहिले. आता ते विचारतात, हा माणूस चहाही न घेता पळतो कसा? तरी येत्या रविवारी या, आणि त्यांच्यादेखत थोडा वेळ फोन घेऊन बसा.

ता. ता. क. खेळू मात्र नका. आई म्हणते, तुमचा साप पहिल्याच भिंतीवर डोके फोडतो. नुसता फोन धरा.

आणि हो, पाकीट फेकू नका. पत्ता बाबांनी लिहिला आहे, उजव्या हाताने. ओळ जरा कलली आहे, पण नीट बघा: तुमच्या नावाच्या अक्षरांना त्यांनी पाटीवर देत तशी सावलीही दिली आहे.