निकाल रद्द, फोटो कायम

गोडादरा, सुरत. १४ ऑक्टोबर, मंगळवार संध्याकाळ.

आज आप्पांची केस मिटली. सुताच्या पैशांपोटी दिलेला चेक वटला नाही म्हणून खालच्या कोर्टाने त्यांना दोषी ठरवलं होतं. आज अपिलात फिर्यादी, सूतवाले रतनकाका उभे राहून म्हणाले, "आमची तडजोड झाली," आणि जजसाहेबांनी तो निकालच रद्द केला. शिक्षा गेली, डागही गेला, असं वकील म्हणाले.

इतकं सोपं होतं? मग काकांनी त्या जुन्या निकालाचा फोटो, आप्पांच्या नावाला लाल गोल करून, समाजाच्या ग्रुपवर का टाकला होता?

बाहेर आल्यावर मी हात जोडले. "काका, आता तो फोटो काढा. ताईचं लग्न जमत आलंय."

ते हसले. "तडजोडीत कुठं लिहिलंय रे तसं?"

खरंच नव्हतं. तो कागद मी काना-मात्रा तपासत वाचला होता. फोटोचं सुचलंच नाही.

घरी येऊन केस मिटल्याचं ग्रुपवर नीट लिहिलं. काका ॲडमिन. लगेच उडवलं. लाल गोल अजून तिथंच.

मग बारडोलीला मुलाच्या आईला फोन लावला आणि सगळं सांगितलं. त्या शांतपणे म्हणाल्या, "सुटले, बरं झालं. पण भाऊ, निर्दोष माणूस तडजोड कशाला करेल? आम्ही दुसरीकडे बघतोय."

ताई समोरच बसली होती. फोन मीच स्पीकरवर ठेवला होता. चांगली बातमी तिनेही ऐकावी म्हणून.